गुलाश म्हणजे गुराखी: आईबरोबर टोलेडोची एक फेरी

या सहलीचा निर्णय जेवणाच्या सुट्टीत झाला. मी मिनेसोटात ईडन प्रेरीला राहते आणि एका हॉस्पिटलच्या लॅबमध्ये काम करते. माझ्या समोरच्या टेबलावर इल्दिको बसते. हंगेरियन घरातली, पण जन्म आणि शाळा ओहायोतली. जूनमधल्या एका दुपारी तिने डबा उघडला आणि लालभडक रश्श्याचा असा वास आला की मी हातातलं सँडविच खाली ठेवलं.

"काय गं हे?"

"गुलाश. बीफ, कांदा, पाप्रिका."

"आणि गुलाश म्हणजे?"

"गुराखी," ती चमचा चाटत म्हणाली. "गुया म्हणजे गुरांचा कळप. कळप राखतो तो गुयाश. तो रानात शिजवायचा ते गुयाशचं मांस. पुढे मांस गळून पडलं आणि नुसता माणूस उरला."

मित्रांनो, मी त्या दिवशी उरलेलं काम कसं केलं ते मलाच ठाऊक नाही. एका देशाने आपल्या सगळ्यांत लाडक्या पदार्थाला गुराख्याचं नाव दिलंय! राजाचं नाही, पुरोहिताचं नाही. घरी येऊन हाताला लागेल ते वाचत बसले. शेवटी इल्दिकोनेच सांगितलं की तिचे वडील, लायोश काका, टोलेडो शहरात चर्चच्या ऑगस्टमधल्या मेळ्यात दर वर्षी लाकडावर गुलाश शिजवतात. "तीन दिवस ये. हात कमीच पडतात आम्हाला."

मी जाणार होतेच. प्रश्न आईचा होता.

आई मे महिन्यात नागपूरहून माझ्याकडे आली. परतीचं तिकीट ऑक्टोबर अखेरचं. आल्या आल्या तिने माझ्या किचनचा ताबा घेतला, शेजारच्या कोरियन बाईशी खाणाखुणांनी मैत्री केली. मग जुलैमध्ये आमच्या मराठी लोकांचं पॉटलक झालं, प्रत्येक घराने एकेक पदार्थ आणायचा तसलं. पुण्याच्या, मुंबईच्या, नागपूरच्या कुटुंबांत गप्पा रंगल्या होत्या. कुणीतरी अगदी प्रेमाने विचारलं, "मावशी, तुमच्याकडची खास डिश कोणती हो? सावजी?"

आई म्हणाली, "चान्या."

"म्हणजे?"

"बैलाचं मांस. पट्ट्या कापून उन्हात वाळवलेलं."

कुणी काही वाईट बोललं नाही. एकजण हसून "अच्छा, बीफ जर्की!" म्हणाला. मग कुणी विषय काढला शाळांच्या रेटिंगचा. पण टेबलावर आईने केलेली भरली वांगी होती, ती जशीच्या तशी राहिली. आईने तो डबा मांडीवर घेऊन घरी आणला. ज्या घरांतली मुलं कॅम्पसवर बर्गर खातात आणि आई-बाप "मुलं काय, ऐकतात थोडीच" म्हणून हसतात, त्याच घरांना माझ्या आईची वांगी चालली नाहीत. बर्गरचं नाव इंग्रजी आहे ना, म्हणून त्याला सगळं माफ!

मी गप्प बसणारी नाही, हे हा ब्लॉग वाचणाऱ्यांना माहीत आहे. आमच्या धम्मबांधवांच्या पुढच्याच कार्यक्रमात मी त्या वांग्यांवर वीस मिनिटं बोलले. आई पहिल्या रांगेत बसलेली. "ही माझी आई!" म्हणून मी तिच्याकडे हात केला तेव्हा लोक उभे राहून टाळ्या वाजवू लागले. ते भाषण बरोबर होतं असं मी आजही म्हणते. पण गाडीत आई म्हणाली, "मले काऊन उभं केलं तू तिथं? मी तुह्या भाषणातला दाखला व्हय का?"

त्यानंतर तिने स्वयंपाक सोडला. कुणाकडे यायचं सोडलं. आणि एक दिवस म्हणाली, "तिकीट बदलव. सप्टेंबरात जाते मी वापस. इथं माहं काय काम?"

मी खूप बोलले. ती ऐकून घेते, हलत नाही. शेवटी एवढंच ठरलं की टोलेडोची एक फेरी करायची आणि आल्यावर तिकीट बदलायचं.

"गाडीतच बसाचं ना? लोकांत नाही ना बसाचं?" तिने विचारलं.

"बघू," मी म्हटलं.

शुक्रवार: ईडन प्रेरी ते टोलेडो

सव्वासहाशे-साडेसहाशे मैलांचं अंतर आहे. थांबत गेलात तर अख्खा दिवस धरा. आम्ही उजाडता निघालो. नवरा ऑन-कॉल होता, म्हणून मी, आई आणि माझी सोळा वर्षांची मुलगी प्रज्ञा. तिला नुकतंच लायसन्स मिळालंय, त्यामुळे विस्कॉन्सिनचा सरळसोट रस्ता तिला दिला. जाणाऱ्यांना दोन सूचना. एक, टोलचा टॅग आधीच घेऊन ठेवा, कारण शिकागोपासून पुढे इंडियाना आणि ओहायोत टोल भरत राहावा लागतो. दोन, शिकागो दुपारी तीनच्या आत ओलांडा. आम्ही नाही ओलांडलं. विमानतळाजवळच्या रांगेत प्रज्ञाची प्लेलिस्ट दोनदा संपली.

त्या रांगेत मी दोघींना गुलाशची गोष्ट सांगितली. हंगेरीच्या मैदानात लांब शिंगांच्या करड्या गुरांचे कळप असत. गुराखी ते पायी हाकत पार व्हिएन्नाच्या बाजारापर्यंत नेत. वाटेत एखादं जनावर लंगडं झालं की ते कापायचं आणि कढईत टाकायचं. शहरातल्या साहेबांच्या ताटात असलं जेवण येत नसे. मग अठराव्या शतकाच्या अखेरीला हंगेरीवर राज्य करणाऱ्या व्हिएन्नाच्या बादशहाने कारभारात जर्मन भाषा लादायला घेतली. हंगेरियन सरदार खवळले. आपण वेगळे आहोत हे दाखवायचं कशातून? भाषेतून, कपड्यांतून आणि गुराख्याच्या कढईतून! ज्या जेवणाकडे नाक मुरडलं तेच त्यांनी मेजावर मांडलं आणि छाती ठोकून सांगितलं, हे आमचं!

"आणि मिरची तर त्यांची नव्हतीच," मी स्टिअरिंगवर हात आपटला. "ती इथली, अमेरिका खंडातली. तुर्कांच्या वाटेने हंगेरीत गेली, पोर्तुगीजांच्या वाटेने आपल्याकडे आली. आज मिरचीशिवाय ना हंगेरी ना नागपूर. मग सांगा, शुद्ध परंपरा म्हणतात ती कुठल्या दुकानात मिळते?"

"मम्मी, लेन बघ. यू आर नॉट ऑन स्टेज," प्रज्ञा म्हणाली.

आई खिडकीबाहेर बघत होती. काचेकडे तोंड ठेवूनच म्हणाली, "तिथं सरदारानं खाल्लं म्हणून मोठं झालं. आपल्यात कोण खाईन?"

मी ब्लिंकर दिला आणि लेन बदलली.

रात्री टोलेडोच्या बाहेर मोटेलमध्ये उतरलो. तिघींची खोली, नाश्ता धरून, सव्वाशे डॉलरच्या आत. गालिचा जुना, पण चादरी स्वच्छ.

शनिवार: चर्चमागचं मैदान

पूर्व टोलेडोत, नदीच्या पलीकडे, जुनी हंगेरियन वस्ती आहे. लहान लाकडी घरं, पुढे व्हरांडे, कुंड्यांतून लाल मिरच्या. शंभराहून जास्त वर्षांपूर्वी लोक इथल्या ओतकामाच्या कारखान्यांत आले आणि इथलेच झाले. मेळ्यात प्रवेश फुकट, पण स्टॉलवर रोख लागते. सावलीसाठी टोपी न्या, बसायला घडीची खुर्ची न्या. मांस न खाणाऱ्यांनी घाबरू नये. लसूण चोळलेली, तळलेली मोठी पुरी मिळते, तिला लांगोश म्हणतात. निखाऱ्यावर फिरवून भाजलेला, साखरेचा, नळीसारखा केकही मिळतो. प्रज्ञाने दोन खाल्ले.

मैदानाच्या कडेला सहा-सात चुली पेटल्या होत्या. प्रत्येक चुलीवर लोखंडी तिपाई, तिला साखळीने टांगलेली काळी कढई. बाराला जेवण वाढायचं आणि तेव्हाच परीक्षक चव घेणार, असा नियम. लायोश काका ऐंशीचे, उंच, थोडे वाकलेले, डोक्यावर गवताची हॅट. हात किंचित थरथरतात, आवाज मात्र नाही.

"नागपूर!" ते माझ्याशी हात मिळवत म्हणाले. "माझी मुलगी सांगते, मिरची तुमच्या रक्तात आहे."

"आहेच," मी म्हटलं.

आईला मी सावलीत खुर्ची दिली. तिने पदर डोक्यावर घेतला आणि माणसांकडे पाठ करून बसली.

कढईत डुकराची चरबी वितळली, कांदा पडला, गुलाबी झाला. लायोश काका लाकडं आणायला गेले. इल्दिको मांस कापत होती. माझ्या हाताशी पाप्रिकाचा, म्हणजे त्यांच्या लाल तिखटाचा, डबा होता. आता नागपूरच्या माणसाला सांगा, कढईत तापलेली चरबी दिसते आहे, हातात लाल तिखट आहे, मग तो काय करेल? मी जाळ वाढवला आणि तर्री यावी म्हणून ओंजळभर तिखट त्या कडकडीत चरबीत ओतलं.

काळा धूर उठला. शेजारच्या चुलीवरची माणसं खोकत मागे सरली.

"नो! नो! नो!" लायोश काका लाकडं टाकून धावत आले. पाप्रिकात साखर असते. चरबी कडकडीत असली की ती क्षणात जळते आणि कडू जहर होते. कढई आधी चुलीवरून उतरवायची, मग पाप्रिका घालायची, लगेच पाणी मारायचं. शेंबड्या पोरालाही हे ठाऊक असतं, असं ते म्हणाले. "हेच का तुमचं रक्त?"

मी उभ्या जागी लाल झाले. आणि पाठीमागून हसण्याचा आवाज आला. तीन आठवड्यांत न ऐकलेला. आई तोंडाला पदर लावून हसत होती.

"भाषणात पक्की, फोडणीत कच्ची!"

"काय म्हणाल्या त्या?" लायोश काकांनी विचारलं.

मी म्हटलं, "ती म्हणते, असं होतं कधीकधी."

"मम्मी! दॅट्स नॉट व्हॉट शी सेड," प्रज्ञा म्हणाली आणि तिने खरं भाषांतर करून टाकलं. लायोश काकांनी हॅट काढली, मांडीवर आपटली आणि इतके हसले की डोळे पुसावे लागले.

सगळं फेकलं. कढई घासली, नवीन कांदे घेतले. बाराचं वाढप चुकणार हे उघड होतं. बाकीच्या कढयांपाशी रांगा लागायला लागल्या आणि आम्ही कांदे सोलत बसलो. लायोश काका खुर्ची ओढून आईच्या शेजारी बसले. तिनेही एक चाकू घेतला. माझं भाषांतर नापास झालं होतं, तेव्हा दुभाषी म्हणून प्रज्ञा मध्ये बसली.

मी मात्र गुराख्यांचा विषय काढलाच. सरदारांनी कढईला मान दिला ते मोठं काम झालं, असं मी म्हणाले.

"कढईला दिला," लायोश काका म्हणाले. "माझे आजोबा गुयाश होते. त्यांना कुणी मेजावर बोलावलं नाही. सरदारांनी कढई नेली आणि गुराख्याला गुरांमागेच ठेवलं. म्हणून तर ते अमेरिकेच्या जहाजात बसले."

वाचकहो, माझ्या गाडीतल्या व्याख्यानाचा पाया एका कांदे सोलणाऱ्या म्हाताऱ्याने असा काढून घेतला. आणि मला ते पटलं. पदार्थाला मान मिळाला म्हणजे माणसाला मिळाला असं नाही. तो वेगळा मिळवावा लागतो.

ते पुढे सांगत होते. गुराखी कित्येक महिने घराबाहेर. म्हणून मांस कढईत पाणी आटेपर्यंत शिजवायचे, मग उन्हात वाळवायचे आणि मेंढीच्या पोटाच्या पिशवीत भरून बरोबर न्यायचे. जिथे मुक्काम तिथे मूठभर मांस, पाणी, आग. झालं जेवण.

आईचा चाकू थांबला.

"वाळवत व्हते?" तिने प्रज्ञाला विचारलं. "उन्हात? इचार त्याले."

"उन्हात," लायोश काका म्हणाले. "असं सांगतात. आजोबांच्या वेळीच ते संपलं होतं. मी ऐकलंय फक्त. पाहिलं नाही. चव कशी असते तेही ठाऊक नाही."

आईने चाकू खाली ठेवला. मग म्हणाली, "म्या पाह्यलं. म्या केलं."

मी तोंड उघडलं. प्रज्ञाने माझा हात दाबला. "मम्मी, लेट हर टॉक."

आणि आई बोलली. मांस धाग्याच्या दिशेने कसं कापायचं म्हणजे पट्टी तुटत नाही. दोरीवर कसं टाकायचं, कावळे कसे हाकलायचे. पावसाळ्यात मजुरी नसायची तेव्हा डब्यातल्या चान्या कशा कामी यायच्या. निखाऱ्यावर भाजून, ठेचून, तिखटमीठ लावून ज्वारीच्या भाकरीबरोबर कशा खायच्या. हाताने हवेत पट्ट्या कापून दाखवत होती. शेजारच्या चुलीवरच्या दोन बायका पातेली सोडून ऐकायला आल्या.

"मेलेल्या ढोराचं माह्या आज्यानं सोडलं," ती म्हणाली. "सोडा म्हटलं, सोडलं. ते बरंच केलं. पण बाजारातून आणून वाळवाचं, ते तर हुनर व्हतं. ते सोडलं नाही आम्ही. फक्त झाकून ठेवत होतो. सांग त्याले." मग लायोश काकांकडे वळून, "तुमच्यात कोणी झाकत नव्हतं काय?"

प्रज्ञाने विचारलं. लायोश काका हातातल्या कांद्याकडे बघत होते.

"माझी आई शाळेच्या डब्यात लसूण घालायची नाही," ते म्हणाले. "वास येतो म्हणून मुलं हसायची. आमच्यासाठी एक शिवी होती, ती मी तुमच्यासमोर म्हणणार नाही. घरी गुलाश, शाळेत पीनट बटर. आता तीच मुलं रांग लावतात." त्यांनी समोरच्या गर्दीकडे बोट दाखवलं.

"मंग तुम्ही कधी उघडलं?" आईने विचारलं.

"वडिलांनी एक दिवस अंगणातच कढई टांगली. लोक येवोत न येवोत."

इल्दिकोने कणकेसारखं पीठ मळून आणलं. त्याचे नखाएवढे तुकडे चिमटून रश्श्यात सोडायचे असतात. आईने बघितलं आणि पीठ पुढ्यात ओढलं. "अरे, ह्या तं चकोल्या! वरणातल्या!" आता तिचं तोंड माणसांकडे होतं.

या वेळी कढई चुलीवरून उतरवून मगच पाप्रिका पडली. मग कॅरवेचे, म्हणजे शहाजिऱ्याच्या चुलतभावासारखे, दाणे, लसूण, मांस, आणि बऱ्याच वेळाने बटाटे. एक गोष्ट सांगून ठेवते. अमेरिकेत हॉटेलात गुलाश म्हणून जो घट्ट रस्सा किंवा मॅकरोनी-खिमा मिळतो, त्याला ही माणसं गुलाश म्हणत नाहीत. त्यांचं गुलाश पातळ असतं, सूपच. घट्ट रश्श्याला ते पोरकोल्ट म्हणतात आणि त्यावर भांडायला तयार असतात.

आमची कढई तयार झाली तेव्हा परीक्षक बक्षीस वाटून घरी गेले होते. बँडवाले सामान भरत होते. मैदान झाडणारे, खुर्च्या गोळा करणारे, शेजारच्या चुलीवरच्या त्या दोन बायका, असे दहाबारा जण आमच्याभोवती बसले. आईला मी वाडगा दिला आणि जरा बाजूला खुर्ची लावली. तिने ती उचलून आणली आणि लायोश काकांच्या शेजारी ठेवली.

"कसं आहे?" त्यांनी विचारलं.

"तिखट नाही," आई म्हणाली. "पण बरं हाय. अजून एक डाव घालजो."

निघताना लायोश काकांनी तिचा हात हातात घेतला. "ऑक्टोबरात मी इल्दिकोकडे येतो. मला ते खायला मिळेल? उन्हातलं?"

प्रज्ञाने सांगितलं. आई म्हणाली, "येजो."

रविवार, आणि त्यानंतर

परतीच्या वाटेवर मिशिगन सरोवराकाठी वाळूच्या टेकड्यांपाशी थांबलो. ज्यांना वेळ आहे त्यांनी नक्की थांबा. पार्किंगचे पैसे पडतात, पण पाण्याचा रंग वसूल करून देतो. आई पावलं भिजवून आली आणि गाडीत झोपली. तिकिटाबद्दल मी विचारलं नाही. पहिल्यांदाच काहीतरी विचारायचं राहू दिलं.

घरी येऊन पंधरा दिवस झाले. मिनेसोटातलं ऊन आईला नामंजूर आहे. "हे ऊन हाय का उजेड?" ती म्हणते. ओव्हन अगदी मंद ठेवून, दार किंचित उघडं ठेवून तिने पहिली पट्टी वाळवून बघितली. फेकली. दुसरी बरी झाली. कोरियन शेजारीण वास घेत आली आणि त्यांच्याकडे मासे कसे वाळवतात ते हातवारे करून सांगून गेली.

हा लेख छापायच्या आधी मी आईला पूर्ण वाचून दाखवला. तिने दोन वाक्यं काढायला लावली, त्यांत माझं सगळ्यांत आवडतं एक होतं. बाकीचं "राहू दे" म्हणाली.

काय उरलं या प्रवासातून? मी वाचलेलं बरंचसं खरं निघालं, पण पुरेसं निघालं नाही. माझा संताप तसाच आहे. त्या वांग्यांबद्दल मी पुन्हा बोलेन, फक्त आईला विचारून. आणि मला आशा आहे, कारण एका शहराच्या कोपऱ्यात मी पाहिलं की जे दोन पिढ्या झाकलं गेलं, ते कुणीतरी एकदा अंगणात टांगलं की त्याच्याभोवती खुर्च्या येतात.

परवा मीच धीर करून लॅपटॉप उघडला. "आई, सप्टेंबरची तारीख बघू का?"

"कायची तारीख?" ती ओव्हनच्या काचेतून आत बघत होती. "तो म्हातारबा ऑक्टोबरात येणार हाय. त्याले काय तुह्या हातचं खाऊ घालू? तिकीट हाय तसंच ठेव. अन् त्या पॉटलकवाल्या पोरींनाही बोलाव."

"त्या खाणार नाहीत, आई."

"नाही खाल्लं तं वांगे हायेत. या म्हणून तं सांग."

मी म्हटलं, मग मी चान्यांबद्दल थोडं बोलते त्या दिवशी, सुरुवातीला, पाचच मिनिटं.

"नाही," आई म्हणाली. "मी सांगीन. तू भाकरी टाक."

मी ज्वारीचं पीठ आणून ठेवलंय.